पुडीतले मीठ, बरणीतले मीठ : वारणाकाठच्या मसाल्याचा एक धागा

१/
आजचा धागा गड, लढाया आणि तहनामे यांचा नाही. तो इन्स्टंट नूडल्सच्या पाकिटातील त्या लहानशा चंदेरी पुडीचा आहे. ती आपण दातांनी फाडतो, उकळत्या पाण्यात रिकामी करतो आणि तिच्यात काय होते याचा विचार न करता फेकून देतो. तिच्यात मसाला असतो. त्याहून महत्त्वाचे म्हणजे मीठ असते. आपल्या ताटात किती मीठ पडावे हे कोण ठरवते, हा प्रश्न या मुलखात किमान साडेतीनशे वर्षे जुना आहे. धागा लांब आहे. शेवटी कृतीही आहे.

२/
निमित्त घरगुती आहे. आमचे घर वारणानगरचे. गेल्या वर्षी वडिलांचा रक्तदाब वाढला आणि डॉक्टरांनी मीठ कमी करण्यास सांगितले. आईने भाजी-आमटीतले मीठ कमी केले. परंतु बाबांची संध्याकाळची नूडल्सची थाळी काही सुटेना. पुडी अर्धी घातली तर चव जाते आणि पूर्ण घातली तर पथ्य मोडते. वरून त्यांचा सवाल : “अळणी खायला मी काय दवाखान्यात पडलोय व्हय?” या सवालाचे उत्तर शोधताना मी पाककृतीच्या वहीऐवजी इतिहासाच्या पुस्तकांकडे वळलो. सवयीचा दोष.

३/
आधी तो शब्द पाहू. ‘अळणी’ हा ‘अलवण’ या शब्दाचा वंशज. लवण नसलेले ते अळणी. मराठीत हा शब्द चवीपुरता राहिला नाही. अळणी माणूस, अळणी भाषण, अळणी संसार असे आपण सहज म्हणतो. उलट बाजूस खाल्ल्या मिठाला जागणे आहे आणि मीठ-भाकरी आहे. मिठाला भाषेने इमानाची जागा दिली. पण कोल्हापूरकरांनी एक गंमत करून ठेवली आहे. तांबडा आणि पांढरा रस्सा ज्या मटणाच्या पाण्यापासून निघतो, त्याला येथे ‘अळणी’च म्हणतात. त्यात तिखट नसते, मीठ मात्र असते! आजाऱ्याला आणि लहान मुलाला ते देतात, आणि धडधाकट माणूसही वाटीभर मागून घेतो. म्हणजे अळणी हा शब्द येथे अपमानाचा नाही, हे बाबांना सांगण्यासारखे होते.

४/
आता भूगोल. वारणा सह्याद्रीच्या माथ्यावर, चांदोलीच्या रानात प्रचितगडाच्या परिसरात उगम पावते आणि सांगलीजवळ हरिपूरला कृष्णेला मिळते. प्रचितगडाच्या कड्यावरून पश्चिमेला खाली पाहिले की शृंगारपूर, म्हणजे संगमेश्वरचा मुलूख. नदीच्या उगमापाशी उभे राहिले तर एका अंगाला ऊस पिकवणारे खोरे आणि दुसऱ्या अंगाला मिठागरे असणारे कोकण. घाटावर मीठ पिकत नाही. ते खालून वर चढवावे लागे, बैलांच्या पाठीवर गोण्या लादून. आंबा घाट चढून मलकापूरमार्गे कोल्हापूरकडे येणारी वाट अशा वाटांपैकी एक. परतीच्या गोण्यांत धान्य आणि गूळ.

५/
याच संगमेश्वरचे मीठ १६७१ सालच्या एका पत्रात येते. शिवाजी महाराजांनी कुडाळच्या सरसुभेदाराला, नरहरी आनंदराव यांना ते लिहिले आहे. तुमच्यापैकी अनेकांना ते ठाऊक असेल. बारदेशातले, म्हणजे पोर्तुगीज अमलाखालचे मीठ स्वस्त पडते, म्हणून व्यापारी तिकडे वळतात आणि संगमेश्वरचे मीठ पडून राहते. तेव्हा बारदेशच्या मिठावर अशी जकात बसवा की ते संगमेश्वरच्या मिठापेक्षा महाग पडेल, असा त्या पत्राचा आशय. आज याला संरक्षक आयातकर म्हणतात. या पत्राची स्तुती आपण बहुधा ‘दूरदृष्टी’ या एका शब्दात उरकतो. मला त्यात अधिक रंजक वाटते ते हे की राज्यकर्ता येथे गोणी-गोणीच्या भावाचा हिशेब ठेवतो आहे. दोन मिठांतला फरक चवीचा नव्हता, भावाचा होता. आणि घाटावरची गृहिणी कोणते मीठ वापरणार हे त्या भावाने ठरणार होते.

६/
बारदेशचे मीठ दोनशे वर्षांनी पुन्हा राजकारणात आले. १८७८ साली ब्रिटिश आणि पोर्तुगीज यांच्यात करार झाला आणि गोव्यातील मिठाच्या उत्पादनावरचे नियंत्रण वार्षिक भरपाईच्या बदल्यात ब्रिटिशांकडे गेले. कारण साधे होते. आपल्या हद्दीत मिठावर जबर कर लावायचा असेल, तर शेजारचे स्वस्त मीठ चोरवाटांनी येऊ देऊन चालत नाही. १८९२ साली करार संपला.

७/
कर किती होता? १८८८ पासून मणाला अडीच रुपये. गरीब घरात मीठ ही मोजून वापरायची वस्तू झाली. मीठ कमी खाणे तेव्हा पथ्य नव्हते, दारिद्र्य होते. ही गोष्ट कायदेमंडळात आकड्यांनी मांडणारा माणूस कोल्हापूरच्या मातीत शिकलेला होता. गोपाळ कृष्ण गोखले जन्माने कोतळूकचे, पण त्यांचे शालेय शिक्षण कागल आणि कोल्हापूर येथे झाले आणि काही काळ ते राजाराम कॉलेजातही होते. १९०२ च्या अर्थसंकल्पावरील भाषणात त्यांनी मीठकराचा भार गरिबांवर कसा पडतो हे दाखवले. १९०३ मध्ये कर दोन रुपयांवर, १९०५ मध्ये दीडवर आणि १९०७ मध्ये एक रुपयावर आला. कर उतरला तसा मिठाचा खप वाढला. हाच गोखल्यांच्या युक्तिवादाचा पुरावा ठरला.

८/
पुढचे सर्वांना माहीत आहे : १९३० ची दांडी, वडाळ्याची मिठागरे, आणि आपल्या बाजूला मे महिन्यातला शिरोड्याचा सत्याग्रह. १९४७ साली हा कर रद्द झाला.

एक विसंगती येथे नोंदवून ठेवतो. गोखल्यांच्या काळात गरिबाला जास्त मीठ मिळावे ही सुधारकाची मागणी होती. आज सार्वजनिक आरोग्याची मागणी नेमकी उलट आहे. जागतिक आरोग्य संघटनेची शिफारस प्रौढ माणसाला दिवसाला २ ग्रॅमपेक्षा कमी सोडियमची, म्हणजे सुमारे ५ ग्रॅम मिठाच्या आत राहण्याची आहे. गोखले चुकले होते असा याचा अर्थ नव्हे. त्यांचा वाद करापुरता नव्हता. माणसाच्या गरजेच्या वस्तूचा निर्णय त्याच्या हाताबाहेर जावा का, हा होता. तो वाद संपलेला नाही, फक्त निर्णय करणारा बदलला.

९/
आता घाटावरच्या स्वयंपाकघरात येऊ. फाल्गुन-चैत्रात कोल्हापूर जिल्ह्यात गल्लीगल्लीतून एक वास येतो आणि त्यासोबत शिंका. वर्षाची ‘चटणी’ कुटण्याचे दिवस. परगावच्या वाचकांसाठी : येथे चटणी म्हणजे पाट्यावरची ओली चटणी नव्हे, कांदा-लसूण मसाला. संकेश्वरी आणि ब्याडगी मिरची, उन्हात वाळवून तेलात तळलेला कांदा, लसूण, सुके खोबरे, धणे, जिरे, तीळ, खसखस आणि खडा मसाला. हे सारे डब्यात भरून डंकावर न्यायचे. कुटून आले की चिनी मातीच्या बरणीत दाबून भरायचे आणि वर हिंगाचे खडे ठेवायचे.

१०/
या चटणीत मीठही पडते, खडे मीठ, कुटतानाच. ते का? चवीसाठी असेल असे मी समजत होतो. पण चव तर भाजीत मीठ वेगळे घालून साधतेच. चटणीतल्या मिठाचे खरे काम राखणदारीचे. कांदा आणि लसूण कितीही वाळवले तरी ओल धरतात. मीठ ती ओल बांधून ठेवते आणि बुरशीला जागा देत नाही. फ्रिज नसलेल्या घरात पावसाळ्याचे चार महिने बरणी टिकवायची, तर मिठावाचून गत्यंतर नव्हते. लोणच्यात, खारवलेल्या मिरचीत आणि सुक्या मासळीत हेच तत्त्व.

(या ‘परंपरागत’ चटणीतली मिरची अमेरिकेतून पोर्तुगीजांच्या हातून आली आहे, हे दर वेळी सांगावे लागते. त्याआधी तिखटपणा मिऱ्यांचा. परंपरा म्हणजे फार जुने, असे नसते.)

११/
पण बरणीतल्या चटणीत मीठ असले तरी एक गोष्ट शाबूत होती. स्वयंपाक करणारी बाई किती चमचे चटणी आणि किती चिमट्या मीठ हे वेगवेगळे ठरवू शकत होती. सासऱ्यांच्या वाटीत कमी, शेतावरून घामाघूम होऊन आलेल्याच्या वाटीत जास्त. पुडीने नेमके हेच काढून घेतले.

१२/
पुडी आली कुठून? दोन वाटांनी. पहिली वाट स्वित्झर्लंडची. १८८० च्या दशकात तेथील कारखान्यांत काम करणाऱ्या बायकांना घरी रांधायला वेळ उरत नव्हता आणि कामगारांचे पोषण ढासळत होते. फ्रिडोलिन शुलर नावाचे वैद्य व कारखाना-निरीक्षक कडधान्यांचा पुरस्कार करत होते. ज्युलियस मॅगी या गिरणीमालकाने कडधान्यांच्या पिठाची झटपट सूपे बाजारात आणली आणि १८८६ च्या सुमारास चवीचा द्रव. १९०८ मध्ये त्याच्या कंपनीची रश्श्याची वडी आली. त्याच १९०८ साली जपानमध्ये किकुनाए इकेदा यांनी कोंबू या समुद्रवनस्पतीच्या रश्श्यातून ग्लुटामेटची चव वेगळी काढली आणि तिला ‘उमामी’ हे नाव दिले. ग्लुटामेटचे सोडियमयुक्त लवण पुढल्या वर्षापासून ‘अजिनोमोतो’ या नावाने विकले जाऊ लागले.

१३/
दुसरी वाट युद्धोत्तर जपानची. १९५८ मध्ये मोमोफुकू आंदो यांनी तळून वाळवलेल्या नूडल्स विकायला काढल्या. त्या पहिल्या नूडल्सना वेगळी पुडी नव्हतीच, मसाला नूडल्सच्या अंगातच मुरवलेला होता. वेगळी पुडी १९६२ मध्ये दुसऱ्या एका जपानी कंपनीने आणली. भारतात मॅगी नूडल्स १९८३ मध्ये आल्या, ‘दोन मिनिटां’च्या वचनासह.

१४/
त्याच काळात वारणाकाठ बदलत होता. तात्यासाहेब कोरे यांनी १९५० च्या दशकात येथे सहकारी साखर कारखान्याचा पाया घातला. १९६८ मध्ये दूध संघ आला, आणि त्यानंतर वारणा बाजार हे सहकारी ग्राहक भांडार. शहरातल्यासारखी मांडणी असलेले, भाव लिहिलेले, पाकीटबंद माल देणारे दुकान एका खेड्याजवळ उभे राहिले. माळरानावर वसलेल्या गावाची ही झेप मोठीच होती आणि मला तिचा अभिमान आहे. पण इतिहासाच्या विद्यार्थ्याने अभिमानाजवळ थांबू नये. पाकीटबंद जग दारात आले तेव्हा सोयीबरोबर ठरलेले माप आले आणि त्या मापाबरोबर ठरलेले मीठ.

१५/
मधल्या २०१५ च्या गदारोळाची आठवण अनेकांना असेल. जूनमध्ये अन्नसुरक्षा प्राधिकरणाने मॅगी नूडल्स बाजारातून काढायला लावल्या. मुद्दे होते शिशाचे प्रमाण आणि अजिनोमोतो नसल्याचा वेष्टनावरील दावा. ऑगस्टमध्ये मुंबई उच्च न्यायालयाने बंदी रद्द केली. नैसर्गिक न्यायाचे तत्त्व पाळले गेले नाही आणि चाचण्या अधिमान्य प्रयोगशाळांत झाल्या नाहीत, असे म्हणून तीन प्रयोगशाळांत फेरतपासणी सांगितली. नोव्हेंबरमध्ये पाकिटे परत आली. त्या सगळ्या गलक्यात मिठाचा प्रश्न कोठेच नव्हता. तेव्हा साऱ्यांनी शिव्या घातलेल्या अजिनोमोतोत वजनाच्या सुमारे १२ टक्के सोडियम असते, आणि साध्या मिठात सुमारे ३९ टक्के! भीती एकाची, आणि हात दुसऱ्याच्या डब्यात.

१६/
आता हिशेब. १ ग्रॅम मीठ म्हणजे सुमारे ३९३ मिलिग्रॅम सोडियम. पाकिटावरील तक्त्यात सोडियम मिलिग्रॅममध्ये दिलेले असते. त्याला ४०० ने भागा, म्हणजे मीठ अंदाजे किती ग्रॅम ते कळेल. मात्र तो आकडा १०० ग्रॅमचा आहे की एका वाढणीचा, हे आधी पाहा. आणखी एक खोच : सगळे सोडियम पुडीत नसते. नूडल्सच्या पिठातही मीठ असते, आणि घटकांच्या यादीत ५०० हा क्रमांक दिसला तर तो सोडियम कार्बोनेटचा. नूडल्सना पिवळसर रंग आणि चिवटपणा देणारे हे क्षार. आपल्याला हे नवे नाही. पापडखार हा त्याचाच सख्खा भाऊ. पापड चवीला खारट नसला तरी त्यात सोडियम असते ते त्यामुळे. म्हणून नूडल्स उकळलेले पाणी ओतून टाकावे आणि दुसरे गरम पाणी घ्यावे. काही भाग त्यात जातो.

१७/
कृती. मापे चहाच्या चमच्याची, साधारण दहा पाकिटांपुरती.

पातळ चिरलेला कांदा कडक उन्हात दोन-तीन दिवस वाळवा. तो वाकला नाही, मोडला पाहिजे. त्याची पूड ४ चमचे. लसणाच्या वाळवलेल्या चकत्यांची पूड २ चमचे. धणे ४ आणि जिरे २ चमचे, अर्धा चमचा मिरे, तीन लवंगा आणि दालचिनीचा बोटाच्या पेराएवढा तुकडा मंद आचेवर भाजून, पूर्ण गार करून दळा. त्यात मिरचीपूड २, हळद १, सुंठ अर्धा, आमचूर २ आणि साखर किंवा गुळाची पूड २ चमचे मिसळा. खोबरे, तीळ आणि तेल वगळायचे, कारण तेलकट जिन्नस खवट होतात. मीठ अजिबात नाही.

एका पाकिटाला दोन चमचे. नूडल्स ताटात वाढल्यावर वरून आयोडीनयुक्त मिठाची एक अष्टमांश चमचा चिमूट, म्हणजे सुमारे ३०० मिलिग्रॅम सोडियम. वरून भुरभुरलेले मीठ जिभेला आधी भिडते. तेवढेच रश्श्यात विरघळले तर हरवते. लिंबू पिळले तर आणखी कमीवर भागते. टोमॅटो शिजवून घातला तर इकेदांची उमामी फुकट मिळते.

१८/
तीन सावधगिऱ्या. सैंधव आणि गुलाबी मीठ कमी सोडियमचे नाही. तेही जवळजवळ सगळे सोडियम क्लोराइडच. काळे मीठ, चाट मसाला आणि बाजारातील आले-लसूण पेस्ट यांत मीठ असतेच, म्हणून ती घालून ‘बिनमिठाचा मसाला’ म्हणू नये. आणि पोटॅशियमयुक्त ‘लो सोडियम’ मीठ मूत्रपिंडाचा विकार असलेल्यांनी किंवा रक्तदाबाची काही औषधे चालू असलेल्यांनी डॉक्टरांना विचारल्यावाचून घेऊ नये.

१९/
हा मसाला टिकतो किती? बरणीतल्या चटणीसारखा वर्षभर नाही. राखणदार मीठ काढून टाकले आहे, तेव्हा त्याचे काम दुसऱ्याने करायला हवे : कोरडी काचेची बाटली, कोरडा चमचा आणि फ्रिज. मी दोन महिन्यांचाच करतो. आजीच्या पिढीला मीठ घालावे लागले त्याचे कारण आपल्या घरात आता उरलेले नाही, सवय तेवढी उरली आहे.

२०/
बाबांची पहिली प्रतिक्रिया उत्साहवर्धक नव्हती. “हे नूडल्स हाय का आमटी?” दुसऱ्या आठवड्यात लिंबू वाढवले आणि चिमूट त्यांच्याच हाती दिली. मीठ स्वतः भुरभुरायला मिळाल्यावर तक्रार थांबली. आम्ही मोजून ठेवलेली चिमूट ते कधी कधी अर्धीच वापरतात; का, ते सांगत नाहीत.

यंदा चैत्रात आईने वर्षाच्या चटणीतून दोन किलोचा घाणा वेगळा काढला, बिनमिठाचा, फ्रिजमध्ये ठेवण्यासाठी. डंकावरच्या मावशींनी डबा उघडून पाहिला आणि विचारले, “मीठ आणायचं इसरलासा व्हय?” आई म्हणाली, “न्हाई, घरात हाय.”